एमिलिओ गिओने आणि झा ला मॉर: इटालियन मूकपटातील एका दिग्दर्शक-नटाची कारकीर्द

इटलीच्या मूकपटांचा विषय निघाला की बहुधा दोनच गोष्टी आठवतात: हजारो माणसे आणि हत्ती-घोडे असलेले रोमन इतिहासपट, आणि पडद्यावर व्याकुळ होऊन प्राण सोडणाऱ्या अभिनेत्री. एमिलिओ गिओने या दोन्हींत पूर्णपणे बसत नाही. तो कृश, गाल बसलेला, हाडे वर आलेल्या चेहऱ्याचा नट होता. स्वतःच्या चित्रपटांचे दिग्दर्शन तोच करी आणि कथाही बहुतेक तोच लिही. १९१४ पासून पुढची दहा वर्षे त्याने ‘झा ला मॉर’ नावाच्या एका गुन्हेगार नायकाला पडद्यावर जिवंत ठेवले. त्याची कारकीर्द चित्रपटांच्या यादीवरून समजत नाही, कारण त्या यादीतले बरेचसे चित्रपट आज नष्ट झालेले आहेत. ती समजून घेण्यासाठी त्या काळी चित्रपट कसे बनत, मालिकापट म्हणजे काय, आणि युरोपात आघाडीवर असलेला एक उद्योग काही वर्षांतच कसा कोसळला, हे एकत्र पाहावे लागते.

गिओनेचा जन्म ३० जुलै १८७९ चा. चित्रपटात तो आला तेव्हा तिशीच्या आसपास होता आणि आला तो अगदी खालच्या पायरीवरून. ट्युरिन हे शहर तेव्हा इटालियन चित्रपटांचे एक मोठे केंद्र होते. तिथल्या कंपन्यांना घोड्यावरून पडणारे, भिंतीवरून उड्या मारणारे, गर्दीत उभे राहणारे लोक सतत लागत आणि गिओनेने सुरुवातीला अशीच कामे केली. त्या काळातला साधारण चित्रपट एका रिळाचा, म्हणजे सुमारे तीनशे मीटर फितीचा आणि पंधरा मिनिटांच्या आतबाहेरचा असे. नाटकांतल्या नामांकित नटांना अशा कामात फारशी प्रतिष्ठा वाटत नव्हती, त्यामुळे रंगभूमीचे शिक्षण नसलेल्या पण शरीराने चपळ आणि चेहऱ्याने वेगळ्या माणसाला तिथे वाव होता.

१९११ मध्ये तो रोमला गेला आणि ‘चिनेस’ या कंपनीत दाखल झाला. त्याच वर्षी एन्रिको ग्वात्सोनी या दिग्दर्शकाने असिसीच्या संत फ्रान्सिसवर एक चित्रपट केला आणि त्यात संताची भूमिका गिओनेला दिली. पुढे ज्याला सगळी इटली पॅरिसच्या गल्लीबोळांतला गुन्हेगार म्हणून ओळखणार होती, तो पहिल्यांदा लक्षात राहिला तो सर्वस्वाचा त्याग करणाऱ्या संताच्या रूपात. यात विसंगती वाटण्याचे कारण नाही, कारण दोन्ही भूमिकांना लागणारा चेहरा एकच होता: उपाशी, एकाग्र, डोळ्यांत सगळे जीवन गोळा झालेला. त्या वेळच्या चित्रफितीला तांबड्या रंगाची जाण जवळजवळ नव्हती. ओठ आणि त्वचेतली लाली पडद्यावर काळसर दिसे, म्हणून नट चेहऱ्याला पांढरा लेप देत, आणि त्यामुळे गोल, भरलेले चेहरे सपाट होऊन जात. गिओनेच्या चेहऱ्यावरचे खळगे आणि उंचवटे मात्र लेपाखालूनही टिकून राहात आणि सावली आपोआप पकडत.

त्याच सुमारास इटालियन चित्रपटांची लांबी वाढत होती. १९१३ मध्ये ग्वात्सोनीचाच ‘क्वो वादिस’ न्यूयॉर्कपर्यंत पोहोचला आणि तिथे नाटकाच्या थिएटरात नाटकासारखाच दाखवला गेला. १९१४ च्या एप्रिलमध्ये ट्युरिनला जोव्हान्नी पास्त्रोने याचा ‘काबिरिया’ प्रदर्शित झाला. कालमानाचा अंदाज यावा म्हणून सांगायचे तर दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कोरोनेशनमध्ये लागला तो ३ मे १९१३ रोजी, म्हणजे नेमका याच दोन चित्रपटांच्या मधल्या काळात. इटलीतल्या भव्य इतिहासपटांना प्रचंड पैसा लागे आणि तो सर्वांजवळ नव्हता. मध्यम कंपन्यांनी दुसरी वाट धरली: समकालीन पोशाखातली नाट्ये, आणि त्यांच्या केंद्रस्थानी एक आकर्षक अभिनेत्री. रोमच्या ‘चेलिओ’ कंपनीत दिग्दर्शक बाल्दास्सारे नेग्रोनी, अभिनेत्री फ्रांचेस्का बेर्तिनी, देखणा नायक आल्बेर्तो कोल्लो आणि गिओने असा एक चमू जमला. १९१४ चा ‘इस्त्वार दं पिएरो’ हा त्यांचा आजही पाहावासा वाटणारा चित्रपट आहे. त्यात संवादाच्या पाट्या नाहीत आणि सगळी कथा मूकनाट्य व संगीत यांवर चालते. बेर्तिनी त्यात पुरुषवेषातल्या पिएरोची भूमिका करते, आणि गिओनेकडे पिएरोला वाईट मार्गाला लावणाऱ्या मित्राची भूमिका आहे. मुख्य पात्राच्या बाजूला उभे राहून दृश्यातले लक्ष आपल्याकडे कसे खेचून घ्यायचे, हे तो या काळात शिकला असे मला वाटते.

दिग्दर्शनाकडेही तो याच काळात वळला. नटाने स्वतःच दिग्दर्शन करणे तेव्हा इटलीत नवलाचे नव्हते. गुस्ताव्हो सेरेना, मारिओ काझेरिनी, फेबो मारी हे सगळे दोन्ही कामे करत. मात्र आजच्या अर्थाने ते काम समजून घेतले तर गोंधळ होतो. कॅमेरा हाताने फिरवला जाई आणि बहुतेक वेळा एका जागी स्थिर असे. नुकतेच घेतलेले दृश्य लगेच पाहण्याची काहीच सोय नव्हती. फीत धुऊन आल्यावरच काय हाती लागले ते कळे. म्हणून दिग्दर्शक जर स्वतः चौकटीत असेल, तर त्याला सगळी मांडणी आधीच डोक्यात पक्की करावी लागे: कोण कुठून येईल, कोणत्या पावलावर थांबेल, खिडकीतला उजेड कोणाच्या चेहऱ्यावर पडेल. त्यानंतर त्याला कॅमेरामनच्या डोळ्यावर विसंबूनच चौकटीत उतरावे लागे. गिओनेच्या चित्रपटांत दृश्यातल्या जागेची खोली वापरलेली दिसते. माणसे मागच्या दारातून किंवा भुयारातून हळूहळू पुढे येतात आणि धोका आधी प्रेक्षकाला, मग पात्राला दिसतो. दिग्दर्शक म्हणून त्याची ही मांडणी नट म्हणून त्याला उपयोगी पडते, कारण झा ला मॉर हा नेहमी आधी दूरवरची एक काळी आकृती असतो आणि चेहरा नंतर होतो.

हे पात्र पहिल्यांदा आले ते ‘नेल्ली ला जिगोलेत’ या १९१४ च्या चित्रपटात. हा चित्रपट गिओनेने ‘चेझार’ कंपनीसाठी दिग्दर्शित केला होता आणि त्यात नायिका, अर्थात खरे आकर्षण, बेर्तिनी होती. झा ला मॉर त्यात तिच्या भोवतीच्या जगातला एक अपाश होता. ‘अपाश’ हे नाव विसाव्या शतकाच्या आरंभी पॅरिसच्या वृत्तपत्रांनी तिथल्या रस्त्यांवरच्या टोळ्यांना दिले होते. टोपी तिरपी, गळ्यात रुमाल, तंग कपडे, खिशात चाकू, नाचघरांत वावर आणि सोबत त्याच वस्तीतली एखादी तरुणी, असा तो नमुना ठरून गेला होता. कादंबऱ्यांत, नृत्यांत आणि पोस्टकार्डांवर त्याला एक प्रकारचे वलय मिळाले होते. गिओनेने तो नमुना उचलला, पण त्याच्या मुळाशी एक नैतिक कणा बसवला. झा ला मॉर चोर आहे, खून करू शकतो, पण दुबळ्याला लुबाडत नाही आणि दिलेला शब्द मोडत नाही.

गुन्हेगाराला नायक करण्यात एक व्यवहारी अडचण होती. इटलीत १९१३ पासून चित्रपटांवर कायद्याने पूर्वतपासणी सुरू झाली होती. प्रत्येक चित्रपटाला सरकारी परवाना लागे, आणि गुन्ह्याचे गौरवीकरण किंवा पोलिसांची बेअब्रू दिसली तर तो अडकू शकत असे. गिओनेचा नायक फ्रेंच होता, त्याचे अड्डे पॅरिसमध्ये होते आणि तो ज्या पोलिसांना चकवी तेही फ्रेंच होते. त्यामुळे तपासनिसांना पुष्कळ गोष्टी दुसऱ्या देशाच्या म्हणून सोडून देता येत. चित्रीकरण मात्र रोममध्येच होई. पॅरिस म्हणून जे दिसते ते बऱ्याचदा रोमच्या कडेची वस्ती, कालव्यांचे काठ, अर्धवट बांधलेल्या इमारती, गच्च्या आणि मोकळी माळराने असते. या मालिकांचे मोठे मोल मला इथेच वाटते. राजवाड्यांच्या दिवाणखान्यांत अडकलेल्या त्या काळच्या बहुसंख्य इटालियन चित्रपटांत जे रोम कधी दिसत नाही, ते गरीब, धुळीने भरलेले, विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातले रोम परदेशी शहराचे नाव घेऊन गिओनेच्या चित्रफितीवर उतरले.

यानंतर ‘तिबेर’ या कंपनीत त्याने पात्राला स्वतंत्र केले. १९१५ मध्ये ‘झा ला मॉर’ याच नावाचा चित्रपट आला, त्याच वर्षी ‘ला बांदा देल्ले चिफ्रे’ म्हणजे आकड्यांची टोळी, १९१७ मध्ये चार भागांचा ‘इल त्रिआंगोलो जाल्लो’ म्हणजे पिवळा त्रिकोण, आणि १९१८ मध्ये आठ भागांचा ‘इ तोपी ग्रिजी’ म्हणजे करडे उंदीर. १९२४ पर्यंत या पात्राचे सुमारे डझनभर चित्रपट झाले. त्याची सहचरी ‘झा ला व्ही’ हिची भूमिका कॅली सांबुचिनी हिने केली, आणि खासगी आयुष्यातही ती त्याच्याबरोबर होती. १९१५ च्या मे महिन्यात इटली पहिल्या महायुद्धात उतरली, तेव्हा गिओनेने देशभक्तीपर चित्रपटही केले. त्रिएस्तच्या गुल्येल्मो ओबेर्दान या देशभक्ताच्या बलिदानावरचा चित्रपट त्याच वर्षीचा. त्यांत कारागिरी आहे, पण त्याची ओळख त्यांनी घडवली नाही.

मालिकापट म्हणजे काय, हे इथे नीट सांगायला हवे, कारण आजच्या दूरचित्रवाणी मालिकांवरून त्याची चुकीची कल्पना होते. एकोणिसाव्या शतकात युरोपातली वर्तमानपत्रे तळाच्या रकान्यांत क्रमशः कादंबऱ्या छापत. हरवलेला वारस, गुप्त टोळी, बनावट मृत्युपत्र, तळघरात कोंडलेली निष्पाप स्त्री, असा त्यांचा मसाला असे. चित्रपटांनी तोच उचलला. फ्रान्समध्ये लुई फ्योयादने १९१३ पासून ‘फांतोमास’चे भाग काढले, अमेरिकेत १९१४ मध्ये पर्ल व्हाइटची ‘द पेरिल्स ऑफ पॉलीन’ ही मालिका आली. प्रत्येक भाग आठवड्याने किंवा काही दिवसांनी नवा लागे आणि त्याच थिएटरात लोकांना परत आणे. निर्मात्याच्या बाजूने पाहिले तर एकच पोशाख, तेच नट, तीच ठिकाणे वापरून कित्येक रिळे तयार होत, आणि पहिल्या भागाच्या कमाईवर पुढच्यांचा खर्च निघत असे. युद्धकाळात, जेव्हा परदेशी बाजारपेठा बंद होत होत्या, तेव्हा देशातल्याच प्रेक्षकाला पुनःपुन्हा तिकीटखिडकीशी आणणारा हा प्रकार कंपन्यांना फार सोयीचा होता.

‘इ तोपी ग्रिजी’ हा या सगळ्या कामांतला सर्वात मोलाचा, आणि सुदैवाने टिकून राहिलेला. झा ला मॉर आणि झा ला व्ही गुन्ह्यांचे आयुष्य सोडून गावाकडे शांत राहत आहेत. एक मुलगा त्यांच्या आश्रयाला येतो आणि त्याच्या वारशावर डोळा ठेवून असलेल्या ‘करड्या उंदरां’च्या टोळीशी झा ला मॉरला पुन्हा लढावे लागते. कथेत तर्काच्या फटी पुष्कळ आहेत. एका भागात अशक्य वाटलेली सुटका पुढच्या भागात दोन मिनिटांत उरकते, आणि भौगोलिक अंतरांची तर कोणी पर्वाच केलेली नाही. तरीही आठ भाग पाहताना कंटाळा येत नाही, कारण गिओने माणसाचा थकवा दाखवतो. त्याचा नायक जिंकतो तेव्हाही त्याला विजयाचा आनंद होत नाही. तो दमलेला, सावध आणि एकटा असतो. त्या काळच्या इटालियन अभिनेत्री दुःख दाखवताना पडद्यांना धरून कोसळत, केस मोकळे सोडत, हात आकाशाकडे नेत, आणि त्यांच्या शैलीतही एक भव्यता होती. गिओने उलट बराच वेळ निश्चल उभा राहतो, फक्त डोळे फिरवतो, आणि मग एकदम झेप घेतो. पाट्यांखेरीज शब्द नसलेल्या माध्यमात असा संयम ठेवणे धाडसाचे होते.

या पात्राचा एक विचित्र गुणधर्म समजून घेतला नाही तर मालिकेतले चित्रपट एकमेकांशी जुळत नाहीत. एका चित्रपटात झा ला मॉर टोळीचा म्होरक्या आहे, दुसऱ्यात सभ्य वेषातला सूड घेणारा, तिसऱ्यात गुन्ह्याचा छडा लावणारा. एकातल्या घटना दुसऱ्याला बांधील नाहीत. आजचा प्रेक्षक सलग चरित्राची अपेक्षा करतो. त्या प्रेक्षकाला ती नव्हती. त्याला तोच चेहरा, तीच टोपी, तीच सहचरी आणि अन्यायाविरुद्धचा तोच राग पुन्हा भेटायला हवा होता. कीर्तनकार रोज नवे आख्यान लावतो आणि श्रोता तरी त्याच कीर्तनकारासाठी येतो, तसा हा संबंध होता. १९२१ च्या एका चित्रपटाचे तर नावच ‘झा ला मॉर विरुद्ध झा ला मॉर’ असे होते. लोकांनी नट आणि पात्र यांतला फरक करणे सोडून दिले होते, आणि गिओनेनेही राहणीमान, पोशाख व उधळपट्टी यांतून तो फरक पुसायला हातभार लावला. त्याने मिळवलेला पैसा मोठा होता आणि तो त्याच वेगाने खर्च झाला.

यानंतर कारकीर्द का कोसळली, याचे उत्तर त्याच्या खर्चिकपणात शोधणे सोपे आहे, पण मला ते अपुरे वाटते. १९१९ च्या आरंभी इटलीतल्या प्रमुख कंपन्या एकत्र येऊन ‘उनियोने चिनेमातोग्राफिका इतालियाना’ ही महासंस्था बनली. चिनेस, चेझार, तिबेर, ट्युरिनच्या इताला व आम्ब्रोझिओ अशी नावे त्यात आली आणि मागे मोठ्या बँकांचा पैसा होता. कल्पना अशी की आपसांतली स्पर्धा संपवली की अमेरिकेशी झुंज देता येईल. प्रत्यक्षात स्पर्धा गेली तशी चांगले काही करून दाखवण्याची निकडही गेली. चित्रपट संख्येने खूप बनू लागले, पण प्रसिद्ध अभिनेत्रींची मानधने आणि निर्मितीचे खर्च फुगले, कथा युद्धापूर्वीच्याच राहिल्या, आणि कित्येक चित्रपट प्रदर्शित न होता पडून राहिले. दरम्यान युद्धाने जर्मनी, ऑस्ट्रिया आणि रशिया या बाजारपेठा हिरावल्या होत्या, तर अमेरिकन कंपन्या स्वस्तात, नियमित आणि गतिमान चित्रपट पुरवत थेट इटलीत कार्यालये उघडत होत्या. १९२१ च्या अखेरीस ‘बांका इतालियाना दी स्कोंतो’ ही बँक बुडाली आणि महासंस्थेचा आधारच गेला. दशकाच्या शेवटाकडे इटलीत वर्षाकाठी मोजकेच चित्रपट बनत होते.

गिओनेचा प्रकार या बदलात सर्वात आधी सापडला. अमेरिकन साहसपटांत वेग होता, मोटारी होत्या, दृश्ये भराभर तुटत. त्यांच्यापुढे इटालियन मालिकांची सावकाश चाल जुनी वाटू लागली. पॅरिसचा अपाशही युद्धानंतर भूतकाळातला झाला होता. खंदकांत लाखो माणसे मेल्यानंतर चाकूवाल्या टोळीची भीती ती काय उरणार? इतर इटालियन दिग्दर्शकांप्रमाणे गिओनेही जर्मनीला गेला आणि १९२४ मध्ये तिथे झा ला मॉरचा एक चित्रपट केला. पात्राच्या परदेशातल्या या प्रयत्नाने त्याला नवे आयुष्य मिळाले नाही.

मायदेशी परतल्यावर तो दुसऱ्यांच्या चित्रपटांत दुय्यम भूमिका करू लागला. १९२५ मध्ये कार्मिने गाल्लोनेच्या ‘ला काव्हाल्काता आर्देंते’मध्ये तो दिसतो, आणि १९२६ च्या ‘पाँपेईचे अखेरचे दिवस’ या गाल्लोने आणि पालेर्मी या दिग्दर्शकांच्या खर्चिक चित्रपटात त्याने कालेनो या पुजाऱ्याची भूमिका केली. याच चित्रपटात योने या पात्राची भूमिका केलेली अभिनेत्री रीना दे लिग्वोरो हिने काही वर्षे आधी, १९२३ मध्ये, कलकत्त्याच्या मादन थिएटर्सशी मिळून इटलीत बनलेल्या ‘सावित्री’ या भारतीय पौराणिक चित्रपटात सावित्री साकारली होती. इटालियन कंपन्या तेव्हा कामाच्या शोधात किती दूरवर हात पसरत होत्या, हे त्यातून दिसते.

चित्रपटांचे दार बंद झाल्यावर गिओनेने सांबुचिनीबरोबर रंगमंचावर कार्यक्रम केले, झा ला मॉरच्या कादंबऱ्या लिहिल्या, आठवणी लिहिल्या. क्षयाने तो पोखरला गेला होता. पॅरिसमध्ये त्याचे काही दिवस हलाखीत गेले, तेही त्याच शहरात ज्याचे नाव लावून त्याने रोमच्या कडेच्या वस्त्या लोकांना दाखवल्या होत्या. इटालियन चित्रपटांच्या चढत्या आणि उतरत्या काळावर त्याने लिहिलेला दीर्घ लेख पॅरिसमध्ये फ्रेंच भाषेत १९३० मध्ये छापला गेला. एखाद्या उद्योगाच्या आत राहून, त्याचा फायदा आणि मार दोन्ही खाल्लेल्या माणसाने केलेले ते विवेचन असल्याने इतिहासकार आजही त्याकडे वळतात. ७ जानेवारी १९३० रोजी रोममध्ये गिओनेचा मृत्यू झाला, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये इटलीचा पहिला बोलपट ‘ला कान्त्सोने देल्लामोरे’ प्रदर्शित झाला.

पात्र मात्र आणखी एकदा पडद्यावर आले. १९४७ मध्ये राफ्फाएल्लो मातारात्सो या दिग्दर्शकाने ‘फुमेरिया दोप्पिओ’ या चित्रपटात झा ला मॉरला परत आणले आणि ती भूमिका गिओनेच्या मुलाने, धाकट्या एमिलिओ गिओनेने केली. त्या वेळी रोमच्या रस्त्यांवर, खऱ्या वस्त्यांत आणि खऱ्या गरिबीत चित्रीकरण करणाऱ्या नववास्तववादी दिग्दर्शकांची सगळीकडे चर्चा होती. त्यांनी गिओनेकडून काही घेतले असा दावा करता येत नाही. त्यांच्यापुढे युद्धाने उद्ध्वस्त केलेला देश होता आणि त्यांचे प्रश्न वेगळे होते. पण ‘इ तोपी ग्रिजी’ पाहायला मिळाला तर कथेच्या धाग्याला फार न लागता पात्रांच्या पाठीमागे पाहावे: कालव्यावरची कपडे वाळत घातलेली दोरी, अर्धवट बांधकामाच्या परांच्या, रस्त्याने जाता जाता चित्रीकरणाकडे वळून पाहणारा एखादा माणूस. १९१८ चे रोम तिथे आहे आणि त्याच्यापुढून टोपी तिरपी केलेला एक कृश माणूस भरभर चालत जातो.